गाडीचा फ्यूज उडाला? नवा बसवण्याआधी कारण शोधा! (फ्यूज आणि रिले तपासण्याची सोपी पद्धत)



व्यवसायासाठी गाडी घेताना आपण हप्ता मोजतो, डिझेल-सीएनजी मोजतो, ड्रायव्हरचा पगार मोजतो, टायर आणि सर्व्हिसिंगसुद्धा मोजतो. एक खर्च मात्र वहीत येतच नाही. तो म्हणजे गाडी उभी राहिल्याचा खर्च.

समजा, तुमचा जेवणाच्या डब्यांचा व्यवसाय आहे. साडेअकरा वाजलेत, चाळीस डबे गाडीत भरलेत, बाहेर धो-धो पाऊस आणि वायपर बंद. इंजिन चालू आहे, पण गाडी रस्त्यावर काढता येत नाही. चाळीस डबे उशिरा गेले म्हणजे चाळीस ग्राहकांचे फोन. त्यातले दोन-तीन जण पुढच्या महिन्यापासून डबा बंद करणार. आणि कारण काय निघतं? कदाचित काही रुपयांचा फ्यूज.

म्हणून आजचा विषय थोडा वेगळा घेतलाय. टुरिस्ट गाडी, डिलिव्हरी व्हॅन, फूड व्हॅन, नाहीतर मालाची ने-आण करणारी स्वतःची कार, ज्यांचा धंदा गाडीवर चालतो अशा प्रत्येकाला हे आलं पाहिजे. आणि ज्यांना ऑटो इलेक्ट्रिकचं काम व्यवसाय म्हणून करायचंय, त्यांच्यासाठी शेवटी वेगळा भाग आहे. व्हिडिओत जे हाताने करून दाखवलं, ते इथे क्रमाने लिहून देतोय. गाडीजवळ उभं राहून मोबाइलवर वाचता येईल.

फ्यूज नक्की कुणाला वाचवतो?

बहुतेकांना वाटतं, फ्यूज म्हणजे हॉर्न, वायपर, हेडलाइट यांचं संरक्षण. खरं तर फ्यूज आधी वायर वाचवतो.

प्रत्येक वायरची करंट वाहून नेण्याची एक मर्यादा असते. त्यापेक्षा जास्त करंट गेला की वायर तापते. आणि ही उष्णता साध्या हिशेबाने वाढत नाही: करंट दुप्पट झाला तर उष्णता चौपट, तिप्पट झाला तर नऊपट. आधी वायरचं प्लास्टिक वितळतं, मग शेजारच्या वायरचं, आणि मग आग. हे होऊ नये म्हणून त्या रस्त्यात मुद्दाम एक कच्ची जागा ठेवलेली असते. तोच फ्यूज. स्वतः वितळतो, पण वायर वाचवतो.

आता समजा, १० अँपिअरचा फ्यूज सारखा उडतोय म्हणून कुणीतरी तिथे ३० अँपिअरचा बसवला. फ्यूज उडायचा थांबला, ग्राहक खूश! पण वायर तीच आहे. तिच्यातून २५ अँपिअर गेले तर उष्णता सहापटीहून जास्त होणार आणि फ्यूज मात्र शांत बसणार. म्हणजे आता फ्यूजच्या जागी वायर वितळेल. फ्यूजमध्ये तांब्याची तार गुंडाळणं, सिगारेटच्या पाकिटाची चंदेरी लावणं, हे सगळं याच जातीचं काम.

आजच्या लेखातलं एकच वाक्य लक्षात ठेवायचं असेल तर हे ठेवा: फ्यूज उडणं हा बिघाड नाही, ती बिघाडाची बातमी आहे. बातमी दाबायची नाही, बातमी कुठून आली ते बघायचं.

फ्यूज बॉक्स कुठे असतो?

बहुतेक गाड्यांत दोन ठिकाणी. एक केबिनमध्ये, डॅशबोर्डच्या खाली किंवा बाजूला. दुसरा बोनेटखाली, बॅटरीच्या आसपास, काळ्या झाकणाच्या डब्यात. झाकणाच्या आतल्या बाजूला नाहीतर गाडीच्या मॅन्युअलमध्ये नकाशा असतो: कुठला फ्यूज कशाचा आणि किती अँपिअरचा. त्या नकाशाचा आजच मोबाइलमध्ये फोटो काढून ठेवा. रात्री रस्त्यात शोधत बसू नका.

नेहमीच्या पात्यांच्या म्हणजे ब्लेड फ्यूजचे रंग जगभर साधारण ठरलेले आहेत:

- ५ अँपिअर – फिकट तपकिरी
- ७.५ अँपिअर – तपकिरी
- १० अँपिअर – लाल
- १५ अँपिअर – निळा
- २० अँपिअर – पिवळा
- २५ अँपिअर – पांढरा किंवा पारदर्शक
- ३० अँपिअर – हिरवा
- ४० अँपिअर – नारिंगी

एक सावधानता. मोठ्या आकाराच्या फ्यूजचे रंग वेगळे असतात. छोटा लाल फ्यूज १० अँपिअरचा, पण मोठ्या मॅक्सी प्रकारात लाल म्हणजे ५० अँपिअर. म्हणून रंगावर विसंबू नका, वर छापलेला आकडा वाचा. आकारही वेगवेगळे येतात, तेव्हा दुकानात जाताना जुना फ्यूज नमुना म्हणून खिशात टाका.

फ्यूज तपासायचा कसा?

पद्धत १: डोळ्याने. चावी बंद करा. फ्यूज बॉक्समध्ये बऱ्याचदा प्लास्टिकचा छोटा चिमटा दिलेला असतो. त्याने फ्यूज सरळ वर ओढा. पारदर्शक प्लास्टिकमधून आतली पट्टी दिसते. तुटलेली असेल किंवा आत काळं झालं असेल तर फ्यूज गेलाय. पण पट्टी अखंड दिसली म्हणजे फ्यूज चांगलाच, असं नाही. बारीक चीर डोळ्याला दिसत नाही.

पद्धत २: फ्यूज न काढता. ही सगळ्यात कामाची पद्धत आहे. ब्लेड फ्यूजच्या पाठीवर दोन बारीक धातूचे ठिपके उघडे असतात. मल्टिमीटर २० व्होल्ट डीसीवर ठेवा. काळी पिन बॉडीच्या रंग नसलेल्या बोल्टला, म्हणजे अर्थला लावा. चावी ऑन करा, त्या फ्यूजवरचं उपकरणही चालू करा आणि लाल पिन एकेका ठिपक्यावर टेकवा.

- दोन्हीकडे साधारण १२ व्होल्ट: फ्यूज ठीक आहे, बिघाड पुढे कुठेतरी.
- एकीकडे १२, दुसरीकडे शून्य: फ्यूज उडालाय.
- दोन्हीकडे शून्य: फ्यूजपर्यंत करंट येतच नाही. चावी, रिले किंवा मागचा मोठा फ्यूज बघा.

हेच काम साध्या टेस्ट लॅम्पने पण होतं. अशा रीतीने पूर्ण बॉक्स काही मिनिटांत तपासून होतो आणि एकही फ्यूज हलवावा लागत नाही.

पद्धत ३: कंटिन्युइटी. फ्यूज बाहेर काढून मल्टिमीटर बीपवर ठेवा. बीप वाजला तर फ्यूज चांगला. फ्यूज जागेवर असताना हे करू नका. इतर मार्गाने जोडणी मिळून मीटर फसवू शकतो.

बदलताना

चावी बंद, संबंधित स्विचही बंद. तेवढ्याच अँपिअरचा, त्याच आकाराचा फ्यूज सरळ दाबून घट्ट बसवा. सैल बसला तर तिथेच ठिणगी आणि उष्णता तयार होते. मग फ्यूज न उडताही त्याचं प्लास्टिक वितळतं. असं वितळलेलं दिसलं तर दोष करंटचा नसून सैल पकडीचा असू शकतो. पाती पकडणारी क्लिप बघा.

रस्त्यात अडलात आणि जादा फ्यूज नाही? रेडिओ किंवा चार्जर सॉकेट अशा बिनमहत्त्वाच्या जागेवरचा तेवढ्याच अँपिअरचा फ्यूज तात्पुरता काढून लावा. तेवढ्याचा नसेल तर कमी अँपिअरचा चालेल. फार तर तो परत उडेल. जास्तीचा मात्र कधीच नाही.

नवा फ्यूजही उडाला तर?

खरं काम इथून सुरू होतं, कारण फ्यूज *कधी* उडतो यातच अर्धं उत्तर असतं. नीट लक्ष द्या.

- बसवल्या बसवल्या उडतो: त्या लाइनमध्ये वायर सरळ बॉडीला शॉर्ट आहे.
- स्विच ऑन केल्यावर लगेच उडतो: दोष स्विचच्या पुढे, वायरमध्ये किंवा त्या उपकरणात.
- पाच-दहा मिनिटं चालून उडतो: ओव्हरलोड. मोटर जाम होतेय, ब्लोअर किंवा वायपर जड फिरतोय, नाहीतर लाइनवर जादा सामान जोडलंय. फ्यूज थोड्याशा जादा करंटला काही वेळ सहन करतो, दुप्पट करंट गेला तर काही सेकंदांत उडतो.
- खड्ड्यात किंवा वळणावर उडतो: वायर कुठेतरी पत्र्याला घासून सोलली गेलीय. डिकीच्या बिजागरीजवळ, दाराच्या रबरी नळीत, सीटखाली बघा.
- फक्त पावसात उडतो: कनेक्टरमध्ये किंवा लाइटच्या होल्डरमध्ये पाणी.

आपल्याकडे आणखी एक नेहमीचा गुन्हेगार आहे: उंदीर. गाडी दोन-चार दिवस उभी राहिली की बोनेटखाली वायरी कुरतडलेल्या सापडतात. आणि दुसरा गुन्हेगार म्हणजे आपणच. जादा हॉर्न, एलईडी बार, म्युझिक सिस्टिम, कॅमेरा, सगळं मिळेल त्या वायरला सोलून जोडलेलं!

फूड व्हॅनवाल्यांनी तर हा हिशेब पाठच करावा: वॅट भागिले व्होल्ट बरोबर अँपिअर. चार्जर सॉकेटचा फ्यूज समजा १५ अँपिअरचा. १२ गुणिले १५ म्हणजे १८० वॅट, आणि तेही अगदी टोकाचं. बऱ्याच सॉकेटवर १२० वॅटच लिहिलेलं असतं. त्यात इन्व्हर्टर लावून ५०० वॅटचा मिक्सर फिरवला तर ४० अँपिअरच्या वर करंट लागेल. फ्यूज उडणारच! त्याची चूक नाही. असं सामान चालवायचं तर बॅटरीपासून वेगळी जाड वायर, बॅटरीजवळच बसवलेला वेगळा फ्यूज आणि जाणकार वायरमन, एवढं पाहिजेच.

शॉर्ट शोधायची स्वस्त युक्ती. एकामागून एक फ्यूज उडवत बसू नका. फ्यूजच्या जागी दोन वायरींनी १२ व्होल्ट, २१ वॅटचा बल्ब जोडा. बल्बमधून फार तर पावणेदोन अँपिअर जातो, त्यामुळे वायर सुरक्षित. त्या लाइनवरची उपकरणं बंद करा, शक्य असेल तर त्यांचे कनेक्टर काढा. तरीही बल्ब पूर्ण पेटला तर शॉर्ट अजून आहे. आता वायरिंग थोडं थोडं हलवा, पुढचे कनेक्टर एकेक करून सोडवा. ज्या ठिकाणी बल्ब विझला किंवा मंद झाला, तिथे तुमचा चोर. एअरबॅग, एबीएस किंवा इंजिनच्या ईसीयूच्या लाइनवर मात्र ही युक्ती करायची नाही.

आता रिले बघू

रिले म्हणजे लहान करंटने मोठा करंट चालू-बंद करणारा स्विच. हेडलाइट, हॉर्न, रेडिएटर फॅन, फ्यूएल पंप, सेल्फ यांना जास्त करंट लागतो. तो सगळा डॅशबोर्डवरच्या छोट्या बटणातून नेला तर बटण जळेल. म्हणून बटण फक्त रिलेच्या कॉइलला इशारा देतं, कॉइल चुंबक बनते आणि आतले जाड कॉन्टॅक्ट जोडले जातात.

नेहमीच्या चौकोनी रिलेच्या पायांवर आकडे असतात:

- ८५ आणि ८६: कॉइल
- ३०: येणारा करंट
- ८७: कॉइल चालू झाली की जोडला जाणारा पाय
- ८७ए: पाच पायांच्या रिलेत, कॉइल बंद असताना जोडलेला पाय

रिले खराब झाल्याची लक्षणं: दोन्ही हेडलाइट एकदम बंद. (एकच बंद असेल तर आधी बल्ब आणि त्या बाजूचा फ्यूज बघा.) हॉर्न कधी वाजतो, कधी नाही. सेल्फ फिरतो पण इंजिन चालू होत नाही आणि चावी ऑन केल्यावर फ्यूएल पंपाचा दोनेक सेकंदांचा घूं आवाज येत नाही. किंवा उलटं, कॉन्टॅक्ट चिकटलेत, एखादी गोष्ट बंदच होत नाही आणि सकाळी बॅटरी डाऊन. मात्र इंजिन बंद केल्यावर रेडिएटर फॅन थोडा वेळ चालतो, ते बऱ्याच गाड्यांत मुद्दामच ठेवलेलं असतं.

तपासायची पद्धत:

१. बोट ठेवा. रिलेवर बोट ठेवून दुसऱ्याला स्विच दाबायला सांगा. 'टक' जाणवलं तर कॉइल काम करतेय. पण आतले कॉन्टॅक्ट जळलेले असले तरी टक होतंच, म्हणून इथे थांबू नका.

२. अदलाबदल. त्याच बॉक्समधला तोच नंबर आणि तीच पायांची आकृती असलेला दुसरा रिले लावून बघा. हॉर्नचा रिले बऱ्याचदा उपयोगी पडतो. बिघाड गेला म्हणजे जुना रिलेच दोषी. नुसता दिसायला सारखा आहे म्हणून लावू नका, आतली जोडणी वेगळी असू शकते.

३. मल्टिमीटर. रिले बाहेर काढून ८५-८६ मध्ये रेझिस्टन्स बघा. साधारण ५० ते १२० ओहम मिळतो. काहीच मिळालं नाही तर कॉइल तुटली. मग ८५-८६ ला फ्यूज लावलेल्या वायरीने १२ व्होल्ट द्या. टक झालं पाहिजे आणि ३०-८७ मध्ये बीप वाजला पाहिजे. वर डायोडची खूण असेल तर प्लस-मायनस जुळवूनच जोडा.

४. लोड देऊन. बीप आला तरी कॉन्टॅक्टवर कार्बन असू शकतो. ३०-८७ मधून हेडलाइटचा बल्ब पेटवून बघा. पूर्ण उजेड पडला तर रिले पास, मिणमिणला तर बदला.

रिले काढताना डावीकडे-उजवीकडे हळूहळू हलवत वर ओढा. स्क्रूड्रायव्हरने उचकटू नका. आणि हो, नव्या गाड्यांत काही रिले मॉड्यूलच्या आत सोल्डर केलेले असतात. ते घरी बदलायचं काम नाही.

इथे हात लावायचा नाही

- एअरबॅगचे पिवळे कनेक्टर आणि वायरी.
- इलेक्ट्रिक-हायब्रिड गाड्यांच्या नारिंगी जाड केबल. तिथे जिवावर बेतेल इतका व्होल्टेज असतो.
- बॅटरीजवळचे नट-बोल्टने बसवलेले मोठे फ्यूज. ते बदलायचे तर आधी बॅटरीचा मायनस काढावा लागतो. सवय नसेल तर वायरमनला बोलवा.
- वॉरंटीतली गाडी असेल तर वायर कापायची नाही. वॉरंटी नाकारली जाऊ शकते.

गाडीत काय ठेवायचं?

१०, १५, २० आणि ३० अँपिअरचे दोन-दोन फ्यूज (तुमच्या गाडीच्या आकाराचे, चांगल्या कंपनीचे, हलके फ्यूज वेळेवर उडतीलच याची खात्री नसते), एक जादा रिले, टेस्ट लॅम्प, छोटी टॉर्च आणि नकाशाचा फोटो. साधा मल्टिमीटर काही शे रुपयांत येतो. सगळं एका पाऊचमध्ये बसतं. ड्रायव्हर ठेवला असेल तर त्यालाही एकदा उभं करून शिकवा, कारण गाडी बंद पडते तेव्हा तुम्ही तिथे नसता.

याचाच व्यवसाय करायचा असेल तर

टुरिस्ट गाड्या, स्कूल व्हॅन, छोटे टेम्पो या मालकांना गाडी उभी राहणं परवडत नाही. त्यामुळे जागेवर येऊन इलेक्ट्रिकचं काम करणाऱ्याला मागणी आहे. पण नुसत्या व्हिडिओ आणि लेखाच्या जोरावर दुकान उघडू नका. आयटीआयचा मेकॅनिक मोटर व्हेईकल हा दोन वर्षांचा कोर्स आहे. तो करा, किंवा निदान एखाद्या चांगल्या वायरमनच्या हाताखाली पुरेसे महिने काढा.

आणि धंद्याचे चार नियम पहिल्या दिवसापासून पाळा:

१. फ्यूज विकू नका, निदान विका. फ्यूजवर दोन-चार रुपये सुटतील, त्यात पेट्रोलही भागणार नाही. तपासणीची फी वेगळी ठेवा आणि काम सुरू करण्याआधी सांगा.

२. उडालेला फ्यूज ग्राहकाच्या हातात द्या. कारणही दाखवा. सोललेली वायर डोळ्याने बघितली की माणूस बिलावरून घासाघीस कमी करतो.

३. बिलावर लिहा: कुठला फ्यूज, किती अँपिअर, कारण काय सापडलं. तीच गाडी सहा महिन्यांनी आली तर ही नोंद तुमचा अर्धा तास वाचवेल.

४. "मोठा फ्यूज टाक, बघू नंतर" याला नाही म्हणा. ग्राहक घाईत असतो, तो म्हणणारच. एक काम गेलं तरी चालेल. पण तुम्ही बसवलेल्या फ्यूजमुळे एखादी गाडी पेटली, तर ते नाव पुसता येत नाही. आणि जो वायरमन 'नाही' म्हणून कारण समजावतो, त्याचाच नंबर माणूस सेव्ह करून ठेवतो.

आता लेख बंद करा आणि गाडीजवळ जा. फ्यूज बॉक्सचं झाकण उघडा, नकाशाचा फोटो काढा आणि नकाशाप्रमाणे प्रत्येक जागी योग्य आकड्याचा फ्यूज आहे का ते बघा. सेकंडहँड गाडी घेतली असेल तर हे आजच करा. आधीच्या मालकाने एखादी बातमी दाबून ठेवलेली असू शकते.

तुमची गाडी चालत राहो आणि धंदाही. शुभेच्छा!